मावळतीकडून ओळख

माणसांची ओळख बहुधा उगवतीकडून होते. आधी बालपण कळते, मग तारुण्य, आणि नशिबात असेल तर शेवटी म्हातारपण. पण काही थोड्या माणसांच्या बाबतीत हा क्रम उलटा लागतो. आपली आजी आपल्याला भेटते ती आजी म्हणूनच. ती कधी काळी परकरी पोर होती, फुगडी घालताना तिचीही वेणी सुटत होती, हे कुणीतरी सांगावे लागते. आणि सांगितले तरी चटकन पटत नाही.

पेगी ॲशक्रॉफ्ट या इंग्रज नटीची आणि माझी ओळख अशीच मावळतीकडून झाली. पडद्यावर मी त्यांना प्रथम पाहिले ते त्यांच्या शहात्तराव्या वर्षीच्या रूपात. मग एकेक पायरी मागे उतरत मी त्यांच्या सत्ताविसाव्या वर्षापर्यंत जाऊन पोचले. ही उतरण चढणीपेक्षाही मनोरंजक ठरली. मनातल्या मनात मी त्यांना पेगीबाई म्हणते. बाईंना इंग्लंडच्या राणीने १९५६ मध्ये 'डेम' हा किताब दिला होता. पण शाळेत जन्म घालवणाऱ्या माझ्यासारखीला 'बाई'पेक्षा मोठा किताब माहीत नाही.

त्याचे असे झाले. एका मे महिन्यात भाचा सुटीला आला होता. त्याने आपल्या संगणकावर 'अ पॅसेज टु इंडिया' हा चित्रपट लावून दिला. डेव्हिड लीन यांचा हा चित्रपट १९८४ मधला. त्यातली मिसेस मूर ही विधवा इंग्रज बाई आपल्या मॅजिस्ट्रेट मुलाला भेटायला हिंदुस्थानात येते. एका चांदण्या रात्री ती एकटीच एका जुन्या मशिदीत शिरते. तिथे बसलेला तरुण डॉक्टर अझीझ तिच्यावर खेकसतो, की मडमांनी मशिदीत जोडे घालून येऊ नये. आणि पाहतो तो काय, बाईंनी जोडे आधीच बाहेर काढून ठेवलेले! त्या एका गोष्टीवर त्या दोघांची मैत्री जुळते.

प्रसंग एवढासाच. पण पेगीबाई त्यात काय करतात ते पाहण्यासारखे आहे. त्या जवळजवळ काहीच करीत नाहीत. त्या ऐकतात. अझीझ बोलत राहतो आणि या बाईचा चेहरा त्याचा शब्द न् शब्द झेलीत असतो. वर्गात पंचवीस वर्षे काढल्यावर ऐकण्याचे सोंग कोणते आणि खरे ऐकणे कोणते, हे कळू लागते. पहिल्या बाकावरची हुशार मुले सोंग करतात. कोपऱ्यातले एखादे पोर खरे ऐकत असते. मिसेस मूर त्या कोपऱ्यातल्या पोरासारखी ऐकते.

पुढे मारबारच्या गुहांची सहल येते. गुहेतल्या अंधारात, गर्दीत या वृद्धेचा जीव गुदमरतो. कोणताही आवाज केला तरी तिथला प्रतिध्वनी एकच पोकळ नाद परत करतो. प्रार्थना म्हणा की शिवी द्या, उत्तर तेच. ती बाहेर येऊन बसते, आणि तिच्या चेहऱ्यावरून काहीतरी पुसले गेलेले असते. डोळ्यांत पाणी नाही, हात छातीवर नाही. आयुष्यभर ज्या देवाशी बोलत आलो तो ऐकत नव्हता की काय, ही शंका एका म्हातारीच्या मनात शिरली, एवढेच आपल्याला दिसते. आणि तेवढ्याने अंगावर काटा येतो.

ही भूमिका करायला बाई चटकन तयार नव्हत्या. आपण पंचाहत्तर वर्षांच्या आहोत असे त्यांनी लीनसाहेबांना सांगितले, तेव्हा 'मीही तेवढ्याच वयाचा आहे,' असे उत्तर त्यांना मिळाले, अशी गोष्ट सांगतात. हिशेबही जुळतो. बाईंचा जन्म डिसेंबर १९०७ चा, लीनसाहेबांचा मार्च १९०८ चा. मग ही दोन म्हातारी माणसे बंगळूरच्या आसपासच्या उन्हात महिनोन् महिने काम करीत राहिली. १९८५ मध्ये या भूमिकेसाठी पेगीबाईंना सहायक अभिनेत्रीचे ऑस्कर मिळाले. तेव्हा त्या सत्याहत्तर वर्षांच्या होत्या. त्या वर्गात एवढ्या उतारवयात तो मान तोवर कुणालाच मिळाला नव्हता.

चित्रपट संपला तरी मिसेस मूर मनातून जाईना. म्हणून मी ई. एम. फॉर्स्टर यांची १९२४ साली निघालेली मूळ कादंबरी मिळवली आणि मॅट्रिकपुरत्या इंग्रजीने, शब्दकोश मांडीवर घेऊन, ती वाचून काढली. दोन महिने लागले. पण त्या दोन महिन्यांत मला घरचेच एक माणूस भेटले. त्या कादंबरीत एक प्राध्यापक आहेत. त्यांचे नाव नारायण गोडबोले!

फॉर्स्टरसाहेबांना गोडबोले भेटले कुठे? १९२१ साली ते काही महिने थोरल्या पातीच्या देवास संस्थानात महाराजांचे खासगी चिटणीस होते. महाराज तुकोजीराव पवार हे मराठे, कोल्हापूरच्या शाहू महाराजांचे जावई. तिथला गोकुळअष्टमीचा उत्सव साहेबांनी डोळे भरून पाहिला आणि कादंबरीच्या शेवटच्या भागात तो उतरवला. तिथे हे गोडबोले एका संस्थानाचे शिक्षणमंत्री झालेले आहेत. त्यांनी काढायची ती शाळा मात्र धान्याचे कोठार होऊन बसली आहे. हे वाचून मी एकटीच मोठ्याने हसले. शाळांच्या इमारतींचे काय काय होते, हे आम्हा मास्तर लोकांना कुणी सांगायला नको.

पण त्याच ठिकाणी पुढे जे आहे त्याने हसू थांबले. जन्माष्टमीच्या रात्री गोडबोले टाळ घेऊन तुकारामाचे नाव गात उभे आहेत. गाता गाता त्यांची तंद्री लागते, आणि त्या तंद्रीत त्यांना एकाएकी एक म्हातारी इंग्रज बाई आठवते. मिसेस मूर! तिची त्यांची ओळख अगदी जुजबी. ती मरूनही बराच काळ लोटलेला. मुलाने तिला परत धाडले, खटल्यात साक्ष द्यायलाही ती थांबली नाही, आणि वाटेत समुद्रावरच ती गेली. तिच्या पाठोपाठ त्यांना एक गांधीलमाशी आठवते. आणि वाचकाला स्मरते, की कादंबरीच्या आरंभी या बाईंनी खुंटीवर झोपलेल्या एका गांधीलमाशीशी मायेने दोन शब्द बोलले होते. गोडबोल्यांना ते ठाऊक असण्याचा संभवच नाही. तरी तुकारामाच्या नामघोषात ती बाई आणि ती माशी दोघी येऊन उभ्या राहतात.

हा भाग चित्रपटात नाही. पण पुस्तकातले ते पान वाचताना मला पेगीबाईंचाच चेहरा दिसत होता. ज्या बाईने केले असे काहीच नाही, फक्त एकदा जोडे बाहेर काढले आणि एकदा मन लावून ऐकले, ती एका परक्याच्या भजनात जाऊन पोचते. माणसाचे मागे काय उरते याचा काही नेम नाही, हेच खरे.

हा प्रश्न मनात घोळत असतानाच मी 'द ज्युएल इन द क्राउन' पाहायला घेतली. ही ग्रॅनडा कंपनीने केलेली चौदा भागांची दूरदर्शन-मालिका. तीही १९८४ चीच. पॉल स्कॉट या कादंबरीकाराने १९६६ ते १९७५ या काळात चार जाड खंडांतून हिंदुस्थानातले इंग्रजी राज्य मावळताना दाखवले. त्यावर ती बेतलेली आहे. हिच्यात पेगीबाई झाल्या आहेत बार्बी बॅचलर. मिशनच्या शाळांतून हयात घालवून निवृत्त झालेली एक शिक्षिका!

आता सांगा, मी ती कशी सोडणार?

रोज रात्री जेवणे आटोपली, की एक भाग. शेजारी सासूबाई ताट घेऊन तूर निवडीत बसत. त्यांना इंग्रजीचे अक्षर येत नाही. पण बार्बी पडद्यावर आली की त्यांचे हात थांबत. बार्बी फार बोलते. चहा ओतताना बोलते, चालताना बोलते, कुणी ऐकत असो वा नसो, बोलतच राहते. दुसऱ्या की तिसऱ्या रात्री सासूबाई म्हणाल्या, "ही एवढी बडबडतेय ना, म्हणजे हिचं ऐकणारं कुणी नाही गं."

एवढे समजायला मला कादंबरीचा तिसरा खंड वाचावा लागला असता. सासूबाईंना ते पेगीबाईंच्या नुसत्या मानेवरून, हातांवरून, अर्धवट हसण्यावरून कळले. नटाची थोरवी मोजायची झाली तर याहून चोख माप मला माहीत नाही.

बार्बीची गोष्ट थोडक्यात सांगते. नोकरी संपल्यावर ती पानकोट नावाच्या थंड हवेच्या ठिकाणी मेबल लेटन या वृद्ध बाईकडे राहायला जाते. गुलाबांची बाग असलेले घर, एक शांत मैत्रीण, आणि बरोबर जन्मभराच्या चीजवस्तू भरलेली एक ट्रंक. तिच्या सामानात एक चित्रही आहे. व्हिक्टोरिया राणीपुढे हिंदी प्रजा नजराणे घेऊन उभी आहे, असे ते चित्र. मिशनच्या शाळेत ते दाखवून मुलांना इंग्रजी शिकवीत. त्या चित्रावरूनच मालिकेचे नाव आले. मेबल मरते आणि घरातल्या इतर लेटन मंडळींना ही आगंतुक बाई नकोशी होते. मेबलला आपल्या नवऱ्याशेजारी, रानपूरला विसावायचे होते, असे बार्बी परोपरीने सांगते. कुणी तिचे ऐकत नाही. एका मास्तरणीच्या शब्दाला काय किंमत? शेवटी ती ट्रंक टांग्यावर लादून निघते, वाटेत टांगा उलटतो, आणि त्यानंतर ती पूर्वीची राहत नाही.

तिचा शेवट इस्पितळात होतो. जी बाई क्षणभर गप्प बसत नव्हती तिने बोलणेच टाकलेले असते. मूळ कादंबरीच्या त्या खंडाचे नाव आहे 'द टॉवर्स ऑफ सायलेन्स'. म्हणजे पारशांचे दखमे, मुंबईत मलबार हिलवर आहेत तसे. तिच्या खिडकीतून ते दिसतात. ती त्यांच्याकडे पाहत असते.

तिच्या मनाला खाणारा किडा एकच आहे. इतकी वर्षे शिकवले, त्यातून कुणाच्या पदरात काय पडले? तिला मुलांना देवापर्यंत न्यायचे होते. शाळेला मुलांना बाराखडीपर्यंत न्यायचे होते. बाराखडी झाली. पण देव आपल्याशी बोलायचा थांबला आहे असे तिला वाटते. तिच्या धर्मप्रचाराशी आपले काही देणेघेणे नाही. उलट राणीपुढे माना वाकवून उभ्या असलेल्या माणसांचे ते चित्र पाहून आपल्याला रागच येतो. तरी त्या बाईचा प्रश्न मात्र आपला वाटतो. तो प्रश्न कोणत्याही धर्माचा नाही, कोणत्याही राज्याचा नाही. निवृत्त होणाऱ्या प्रत्येक माणसाचा आहे.

आमच्या शाळेत एक बाई होत्या. बत्तीस वर्षे त्यांनी पहिलीचा वर्ग घेतला. गावातली निम्मी माणसे त्यांच्या हाताखाली 'ग म भ न' गिरवून गेलेली. निरोपसमारंभात त्यांना शाल, नारळ आणि भिंतीवरचे एक घड्याळ मिळाले. दोन वर्षांनी पंधरा ऑगस्टला त्या झेंडावंदनासाठी आल्या, तर फाटकाशी नव्या शिपायाने विचारले, "कोण पाहिजे आपल्याला?" बाई क्षणभर थबकल्या. मग हसून म्हणाल्या, "कुणी नको. झेंडा बघायला आले." आणि मुलांच्या रांगेमागे जाऊन उभ्या राहिल्या.

त्या वेळी त्यांच्या चेहऱ्यावर जे हसू होते ते मला नीट वाचता आले नव्हते. अपमान होता का? थट्टा होती का? बार्बीच्या चेहऱ्यावर मी तेच हसू पाहिले, तेव्हा उलगडा झाला. ते स्वतःच्याच घरी पाहुणे म्हणून आल्याचे हसू होते. हे हसू क्रॉयडनमध्ये जन्मलेल्या, लंडनच्या रंगभूमीवर वाढलेल्या बाईंना कुठे सापडले असेल?

म्हणून मी त्यांच्या आयुष्यात मागे मागे जाऊ लागले.

पहिली पायरी १९६३ ची. स्ट्रॅटफर्डला पीटर हॉल आणि जॉन बार्टन यांनी शेक्सपियरच्या ऐतिहासिक नाटकांची जुळवाजुळव करून 'द वॉर्स ऑफ द रोझेस' ही नाट्यत्रयी उभी केली. तिच्यात पेगीबाई राणी मार्गारेट झाल्या. पहिल्या नाटकात ही फ्रान्सहून आलेली नवथर राजकन्या. दुसऱ्यात ती रणांगणावर उभी आहे. पकडून आणलेल्या ड्यूक ऑफ यॉर्कच्या डोक्यावर ती कागदाचा मुकुट चढवते, आणि त्याच्या कोवळ्या मुलाच्या रक्तात भिजवलेला रुमाल त्याला डोळे पुसायला देते! तिसऱ्यात सर्वस्व गमावून सगळ्यांना शाप देत फिरणारी थेरडी. हा सगळा जन्म एकाच नटीने उभा केला, तोही वयाच्या पंचावन्नाव्या वर्षी. बीबीसीने ही नाटके चित्रित करून १९६५ मध्ये दाखवली, म्हणून ती आज पाहायला तरी मिळतात. मला त्यांतली थेरडी सर्वांत अधिक भावली. तिचा राग भयंकर आहे, पण पाहता पाहता ध्यानात येते, की हिचेही ऐकणारे आता कुणी उरलेले नाही. बार्बीची बडबड आणि मार्गारेटचे शाप ही एकाच दुःखाची दोन रूपे आहेत.

ही पायरी उतरताना त्यांचा आणखी एक गुण दिसला. १९६० मध्ये पीटर हॉल हे तिशीही न गाठलेले दिग्दर्शक स्ट्रॅटफर्डला एक कायमची नाटकमंडळी उभी करू पाहत होते. तीच पुढे 'रॉयल शेक्सपियर कंपनी' झाली. पेगीबाई तेव्हा कीर्तीच्या शिखरावर होत्या. इब्सेनच्या 'हेडा गॅब्लर'साठी खुद्द नॉर्वेच्या राजाने त्यांना सुवर्णपदक दिले होते. वेस्ट एंडच्या धंदेवाईक रंगभूमीवर त्यांना हवी ती भूमिका आणि हवे तेवढे मानधन मिळाले असते. पण हॉल यांनी विचारताच त्या मंडळीत सामील झाल्या, आणि त्या आल्या म्हणून इतरांनाही धीर आला. त्याच वर्षी बावन्नाव्या वर्षी त्यांनी 'द टेमिंग ऑफ द श्रू'मधली कजाग केट रंगवली. समोर पीटर ओटूल, त्यांच्या जवळजवळ निम्म्या वयाचे! मंडळीत राहायचे म्हणजे आज राणी, उद्या दाई. आज नायिका, उद्या तिची आई. कंपनीतल्या नटांचे आयुष्य कसे असते हे आपल्या जुन्या नाटकमंडळ्यांच्या गोष्टी वाचलेल्यांना सांगायला नको. बाईंना ते आयुष्य मनापासून आवडले. १९८१-८२ मध्ये त्यांनी रंगभूमीवरची शेवटची भूमिका केली तीही याच मंडळीत, 'ऑल्स वेल दॅट एंड्स वेल'मधल्या काउंटेसची. एवढी सगळी घरे रंगमंचावर मांडताना त्यांचे स्वतःचे घर मात्र तीनदा मांडले गेले आणि तिन्ही वेळा मोडले. दोन मुले होती, आणि नाटक होते.

आणखी खाली उतरले, आणि तिथे पायऱ्याच तुटलेल्या निघाल्या.

१९३५ साली लंडनच्या न्यू थिएटरमध्ये 'रोमिओ अँड ज्युलिएट' लागले. जॉन गिलगुड आणि लॉरेन्स ऑलिव्हिए या दोघा नटश्रेष्ठांनी रोमिओ आणि मर्क्युशिओ या भूमिका आपसांत आलटून पालटून केल्या. दाई झाल्या होत्या एडिथ एव्हान्स, आणि ज्युलिएट पेगीबाई. १९२१ च्या 'संयुक्त मानापमाना'बद्दल आपल्याकडची वडीलधारी माणसे जशी बोलत, तसे त्या प्रयोगांबद्दल इंग्रज रसिक बोलत आले. पण दाखवा म्हटले तर दाखवायला काय आहे? काही छायाचित्रे, वर्तमानपत्रांतली काही परीक्षणे. ती ज्युलिएट ज्यांनी पाहिली त्यांच्याबरोबर गेली.

त्याच्याही आधी, १९३० मध्ये, सॅव्हॉय थिएटरात 'ऑथेल्लो' झाले होते. ऑथेल्लो होते पॉल रोबसन, गुलामगिरीतून पळून आलेल्या बापाचे पुत्र. बाविशीतल्या पेगीबाई त्यात डेस्डिमोना झाल्या. गोऱ्या मुलीला काळ्या नटाने जवळ घेतलेले पाहून त्या काळी पुष्कळांच्या कपाळाला आठ्या पडल्या. ज्या सॅव्हॉयच्या रंगमंचावर रोबसन नायक म्हणून उभे राहिले, त्याच सॅव्हॉयच्या उपाहारगृहात १९२९ साली त्यांना मज्जाव झाला होता. रंगमंचावर चालतो तो माणूस पंक्तीला का चालू नये, हा प्रश्न आपल्याकडच्या वाचकाला नवा नाही. त्या वयात तो प्रश्न पेगीबाईंना जवळून पाहायला मिळाला, आणि अन्यायाची चीड त्यांच्यात जन्मभर राहिली. मशिदीच्या दारात जोडे काढणारी मिसेस मूर कुठून आली, याचा एक धागा मला तरी इथे सापडतो. तो ऑथेल्लोही आज कुणाला पाहता येत नाही.

सुदैवाने तळची एक पायरी शाबूत आहे. १९३५ मध्येच हिचकॉकच्या 'द थर्टी-नाइन स्टेप्स' या चित्रपटात त्यांनी एक चिमुकली भूमिका केली. स्कॉटलंडच्या उजाड माळावरच्या एका कवडीचुंबक शेतकऱ्याची ही तरुण बायको. चित्रपटातले नावही मार्गारेट, जे पेगीबाईंचे स्वतःचे खरे नाव. पोलिसांपासून पळणारा नायक एका रात्रीपुरता त्यांच्याकडे आसरा घेतो. ही पोर मूळची ग्लासगोची. ती हळूच त्याला शहराच्या गोष्टी विचारते. तिकडच्या बायका पायांची नखेसुद्धा रंगवतात म्हणे, ते खरे का? हे विचारताना तिचे डोळे लकाकतात, आणि दुसऱ्याच क्षणी नवऱ्याची चाहूल लागून विझतात. रात्री पोलीस येतात तेव्हा ती नायकाला जागे करते आणि नवऱ्याचा ठेवणीतला कोट त्याच्या अंगावर चढवून त्याला मागच्या वाटेने पळवते. त्या कोटाच्या खिशात भजनांचे पुस्तक असते. त्यात गोळी अडते आणि नायक वाचतो. नायक पुढे निघून जातो, चित्रपट पुढे निघून जातो. ती मात्र मागे राहते, मार खायला.

सगळा मिळून काही मिनिटांचा प्रवेश. पण चित्रपट संपल्यावर मला पाठलाग आठवला नाही, हेर आठवले नाहीत; आठवली ती नखांबद्दल विचारणारी पोर. आणि एकदम लक्षात आले, की मी ज्या म्हातारीपासून निघाले होते तीच इथे तरुणपणी बसली आहे. कुणी न ऐकलेली बाई! परक्या माणसाला मदत करणारी, आणि त्याचे मोल एकटीने चुकते करणारी. पन्नास वर्षांचे अंतर, पण नजर तीच.

नट आणि शिक्षक यांच्या धंद्यात एक साम्य आहे. तास संपला की फळा पुसला जातो. सकाळी मन लावून काढलेले नदीचे खोरे दुपारी दुसऱ्या बाईंच्या त्रैराशिकाखाली नाहीसे होते. मी कादंबऱ्या लिहिते. त्या बऱ्या असोत, वाईट असोत, कपाटात उभ्या तरी राहतात. पण शिकवलेल्या तासांचे कपाट नसते. रंगभूमीचे तसेच आहे. पेगीबाईंच्या साठ वर्षांच्या कष्टाचा फार मोठा भाग असा रात्रीच्या रात्री पडद्याआड विरून गेला, आणि त्यांना ते ठाऊक होते. टिकाऊ चित्रपटाचे दार उघडे असताना त्या पुन्हा पुन्हा नाशवंत रंगभूमीकडेच वळल्या. फळा पुसला जाणार म्हणून अक्षर वेडेवाकडे काढायचे नसते, एवढे त्यांच्याकडे पाहून मला कळले. प्रवेश दोन मिनिटांचा असो, ती दोन मिनिटे पुरी द्यायची. समोर पहिलीतले एकच पोर ऐकत असो, त्याला सगळी बाराखडी द्यायची.

आमच्या पहिलीच्या बाई अजून गावात आहेत. गेल्या वर्षी संक्रांतीला त्यांच्याकडे हळदीकुंकवाला गेले होते. दाराशी एक टेम्पोवाला पाण्याचे पिंप उतरवीत होता. पैसे घेईना. "बाई, तुमच्याकडून कसले पैसे? तुम्ही हात धरून श्री काढायला शिकवलं," असे म्हणत तो निघूनही गेला. बाईंना त्याचे नाव आठवत नव्हते.

पेगीबाई १४ जून १९९१ रोजी गेल्या. त्यांच्या गावी, क्रॉयडनला, त्यांच्या नावाचे नाट्यगृह त्यांच्या हयातीतच, १९६२ मध्ये, उभे राहिले होते. पण त्यांची रक्षा विखुरली ती स्ट्रॅटफर्डला, एका तुतीच्या झाडाभोवती. 'न्यू प्लेस' ही शेक्सपियरच्या अखेरच्या घराची जागा. ते घर अठराव्या शतकातच पाडून टाकले गेले. आता तिथे बाग आहे. त्या बागेत १९६९ साली पेगीबाईंनी स्वतःच्या हाताने ते तुतीचे झाड लावले होते. भिंती गेल्या त्या ठिकाणी एक झाड असावे, एवढा विचार त्यांनी केला असेल. मालकाचे शब्द तर जगभर पसरलेलेच आहेत; त्यांना घराची गरज उरली नाही.